तीर्थ म्हणजे पाणी नव्हे

८ फेब्रुवारी १९५९, चामराजपेट

सुधींद्रनं रायचूरहून ही डायरी पाठवली. सोबत चिठ्ठी: "अप्पा, रिकाम्या माणसानं रोज काहीतरी लिहावं, म्हणजे आईला जरा उसंत मिळते." मुलगा सरकारी नोकरीत लागला की बापाला उपदेश करायचा परवाना मिळतो असं दिसतं. रेल्वेच्या हिशेब कचेरीत लिहून लिहून माझ्या बोटाला घट्टा पडला, आणि हा मला लिहायला शिकवतोय!

पण लिहिण्यासारखं घडलंय खरं. सुधींद्रच्या बायकोला, पद्मावतीला, पुन्हा दिवस गेलेत. याआधी दोनदा आशा लागली आणि दोन्ही वेळा पाचव्या महिन्यात सगळं संपलं. दुसऱ्या वेळी तर पोरगी भिंतीकडे तोंड करून बसायची आणि कुणी हाक मारली की "आले" म्हणून लगेच उठायची. ते उठणंच मला बघवत नव्हतं. तिला आई नाही, म्हणून बाळंतपण इथंच आहे. सुधींद्र रजा मिळेल तसा येईल. एरवी घरात तिघंच, पद्मा, मी आणि सुधींद्रची आई, अनुसूया.

या वेळी काही कमी पडू द्यायचं नाही. मी एक ठरवलंय. उद्या अनुसूयेला सांगतो. आज सांगितलं तर रात्रभर वाद घालेल.

९ फेब्रुवारी

सांगितलं. वाद दिवसभर झाला.

आमचे पूर्वज शहाजीराजांच्या फौजेबरोबर इकडे आले असं घरात सांगत आले आहेत. सोबत आमच्या देवघरातला हा शाळिग्राम होता. छावणी वृषभावतीच्या काठी पडली, देवाला त्या नदीचं स्नान घातलं, आणि तेव्हापासून घरचा नेम पडला की देवाला नदीचंच पाणी. वृषभावती उगम पावते बसवनगुडीच्या नंदीच्या पायाशी, आणि गाळी आंजनेयाच्या देवळावरून पुढं म्हैसूर रस्त्याच्या कडेनं जाते. माझ्या कचेरीच्या दिवसांत नागोजी म्हणून एक पाणक्या रोज घागर आणून द्यायचा. तो वारला, मग परसातल्या विहिरीवर भागवलं. आता विहिरीत चिखल उरलाय.

अंगणात नळ आहे. पण नळाच्या पोटात चामड्याची चकती असते. ते पाणी आपल्या पोटाला चालतं, देवाला कसं चालेल? जनावराच्या कातड्याला शिवून आलेल्या पाण्यानं शाळिग्रामाला अभिषेक करायचा?

म्हणून मी रोज पहाटे मडीत, म्हणजे पूर्ण सोवळ्यात, नदीवर जाणार. कळशी भरून आणणार, अभिषेक करणार, आणि ते तीर्थ माझ्या हातानं पद्माला देणार, बाळंत होईपर्यंत.

अनुसूया म्हणाली, "अहो, ती नदी आता पहिल्यासारखी राहिली आहे का?"

"नदी ती नदीच."

"शेवटचं कधी बघितलंत तिला?"

"तू मला नदी शिकवू नकोस," मी म्हणालो. ती "सरी" म्हणाली. आमच्या घरात सरी याचा अर्थ पटलं असा नाही, पुढं बघू असा आहे.

११ फेब्रुवारी

पहिली फेरी झाली. खांदा दुखतोय, पण मन इतकं प्रसन्न की काय सांगू. देवळाच्या खालच्या वळणाशी दगडी पायऱ्या आहेत, तिथं कळशी भरली. मल्लाप्पा परीट दगडावर कपडे आपटत होता, पलीकडे भाजीचे वाफे, दोन बगळे. पाणी स्वल्प गढूळ आहे, पण नदीचं पाणी म्हणजे काही सोडावॉटर नव्हे.

परत येताना एका शाळकरी पोराचा धक्का लागला. सोवळं मोडलं. "डोळे फुटलेत का?" म्हणून त्याला झाडलं, कळशी रिकामी केली, पुन्हा नदीवर गेलो, पुन्हा बुडी, पुन्हा कळशी. घरी आलो तेव्हा ऊन चढलं होतं. पद्मा उपाशी थांबली होती. ओंजळ पुढे करून तीर्थ घेतलं, डोळ्यांना लावलं, प्यायली. जरा ठसका लागला तिला. पोरगी मोठी गुणाची.

२७ फेब्रुवारी

नदीचं माहात्म्य लिहावं असं मनात आलंय. आपल्या बंगळूरकर मराठी लोकांना ठाऊक तरी आहे का आपण कुणाच्या काठी राहतो? सुरुवात अशी करणार: हे गाव उंचवट्यावर वसलेलं, त्यामुळे पाण्याला दोन वाटा. हेब्बाळकडचं पाणी पूर्वेला वळून पिनाकिनीला जातं, आमच्या बाजूचं पश्चिमेला वृषभावतीत. ती पुढं कुठं जाते? ते चौकशी करून लिहायचं. जागा मोकळी ठेवली आहे.

आज एक नवल पाहिलं. मी पाण्यात उभा राहिलो तर शेकडो मासे वर आले आणि तोंडं पाण्याबाहेर काढून माझ्याकडे बघत राहिले, तोंडं उघडत, मिटत. हललेसुद्धा नाहीत. माझ्या अंगावर काटा आला. मुक्या जिवांनासुद्धा कळतं हो.

आणि पलीकडच्या काठाला एक नवीनच वेल पसरलीय. जाड पानं, जांभळी फुलं. मागच्या आठवड्यात टोपलीएवढी होती, आता अर्धं पात्र झाकलंय. नदीनं शालू नेसल्यासारखं वाटतं.

८ मार्च

मल्लाप्पा दिसेनासा झाला होता. आज आपले दगड न्यायला आला. म्हणाला, आता हेब्बाळच्या तळ्यावर जातो, इथं धुतलेल्या कपड्यांना वास येतो, गिऱ्हाइकं ओरडतात. मी म्हटलं साबण बदल. तो हसला आणि गेला. बरंच झालं. त्याची आपटाआपटी थांबली, आता पायऱ्यांवर अगदी शांत असतं. बगळेही नाहीत, कुणीच नाही. मी आणि नदी.

१७ मार्च

पद्माचं पोट बिघडलंय. अनुसूयेनं सुंठ दिली, जिरं दिलं. अशा दिवसांत थोडंफार व्हायचंच.

२२ मार्च

ताप आहे. जुलाब थांबत नाहीत. पोरगी उठली की भिंत धरते. आता चौथा सरून पाचवा लागेल. घरात कुणी पाचवा हा शब्द काढत नाही.

मी तीर्थ दोन वेळा सुरू केलंय, सकाळी आणि दिवेलागणीला. एक पळी देत होतो, आता तीन देतो. ती कण्हत उठते, पण ओंजळ पुढं करते. कधी नाही म्हणाली नाही.

देवा, माझं काय घ्यायचं ते घे. या लेकराला सोड.

२६ मार्च

डॉक्टर येऊन गेले. जीभ बघितली, पोट दाबून बघितलं आणि तोंड गंभीर केलं. म्हणाले, आतड्याचा दोष आहे, असंच चाललं तर पोटातलं मूल टिकणार नाही आणि आईचंही सांगता येत नाही. गोळ्या दिल्या. मग मला विचारलं, "पाणी उकळून देता?"

"पहिल्यापासून," मी म्हणालो. "आमच्या घरात सगळ्यांनाच उकळून."

"न उकळलेलं पाणी पोटात जातंच कुठून तरी. नीट आठवा. बाहेरचं सरबत? शेजारून ताक?"

"डॉक्टर, एक थेंब नाही," मी छातीवर हात ठेवून सांगितलं. "देवाचं तीर्थ सोडलं तर ती उकळलेल्या पाण्याशिवाय काही घेत नाही, आणि तीर्थ म्हणजे काही पाणी नव्हे." शेवटचं वाक्य मी मनातच म्हणालो बहुधा, कारण ते आपली बॅग आवरत होते. उगाच शिकलेल्या माणसाला शास्त्र कशाला सांगा.

अनुसूया दारात उभी होती. डॉक्टरांना पोचवायला फाटकापर्यंत गेली आणि तिथं बराच वेळ काहीतरी विचारत राहिली. आत आली तर चेहरा पांढरा. मी म्हटलं, "काय म्हणाले?" तर म्हणाली, "काही नाही, पथ्य विचारलं." आणि स्वयंपाकघरात जाऊन भांडी घासायला बसली. भांडी घासलेलीच होती.

संध्याकाळी मी तीर्थ द्यायला गेलो तर अनुसूया म्हणाली, पद्मा गाढ झोपलीय, उठवू नका. दारातून हललीच नाही.

२७ मार्च

सकाळी सकाळी घरात नळवाला! पिराजी. अनुसूयेनं शेजारच्यांकरवी निरोप धाडला होता म्हणे. नळ गळतोय. मला तर गळताना कधी दिसला नाही. पोरगी अंथरुणाला खिळलीय आणि हिला नळाचं सुचतंय! पिराजी तोटी उघडून बसला, ही त्याच्या डोक्यावर उभी. "अक्का, जुना वायसर अजून चांगला आहे की," असं तो म्हणाल्याचं ऐकलं. मी चिडून देवघरात गेलो.

मग ती आत आली आणि एकदम गोड आवाजात म्हणाली, "तुम्ही इतकं चालून दमून येता. कळशी देवघरात ठेवा आणि स्वस्थ पाठ टेका. मी मडीत असते, पाणी सोवळ्याच्या फडक्यानं गाळून भरून ठेवते. मग पूजेला बसा."

इतके दिवस नाक मुरडत होती, अखेर हिलाही नेमाचं महत्त्व पटलं. संकटात माणसाला देव आठवतो हेच खरं.

२ एप्रिल

ताप उतरला! काल रात्री पद्मानं मऊ भात आणि मेतकूट मागून खाल्लं. मी अंगणात जाऊन एकटाच रडलो.

आणि तीर्थ बघा. महिनाभर गढूळ यायचं, या आठवड्यात अगदी स्फटिकासारखं. वास नाही, काही नाही. नदीला माझी दया आली, दुसरं काय? अनुसूयेला म्हटलं तर म्हणाली, "फडकं चांगलं आहे."

९ एप्रिल, युगादी

सुधींद्र रजेवर आलाय. पद्मा पाटावर बसली, कडुनिंब आणि गूळ खाल्ला. पाचवा महिना सुखरूप चाललाय. आज मी मोठ्यानं म्हणालो पाचवा, आणि कुणी दचकलं नाही.

सुधींद्रला तीर्थ दिलं. प्यायला, जिभेवर घोळवलं, आईकडे बघितलं. म्हणाला, "अप्पा, नदी फारच सुधारली."

"बघ! तुझ्या आईला सांग."

मायलेक दोघंही हसले. आज सगळ्यांचीच मनं हलकी आहेत.

परसात अळू भलतंच माजलंय. हत्तीच्या कानाएवढी पानं. विहीर आटलेली, पाऊस नाही, आणि हे कशावर वाढतंय कोण जाणे. वड्या कर म्हटलं तर अनुसूया अंगावर आली, "त्या पानांना हात लावायचा नाही." आता अळूसुद्धा सोवळ्यात गेलं वाटतं.

१७ मे

हे लिहू नये असं वाटतंय. पण आज दुसऱ्या कुणाशी बोलू?

मल्लेश्वरमला अनुसूयेच्या भाचीचं लग्न होतं. मुहूर्त पहाटेचा, ती काल रात्रीच गेली. जाताना दोनदा बजावलं, "पूजा मी आल्यावरच. तोवर कळशी झाकून ठेवा." मी का थांबू? पूजेची वेळ देवाची आहे, भाचीच्या वऱ्हाडाची नव्हे. नदीवरून आलो, फडक्यानं मीच पाणी गाळलं आणि बसलो.

शंखात पाणी भरलं आणि शाळिग्रामावर धरलं. पाणी काळपट. वर तेलासारखी साय. आणि वास! कसला ते लिहवत नाही. नदीवर उभं असताना हा वास मी कधी मनावरच घेतला नव्हता. मला वाटलं फडकं चुकलं असेल. दुसऱ्या फडक्यानं गाळलं, तरी तेच.

पद्मा रोजच्यासारखी येऊन बसली, पोट सावरत. ओंजळ पुढं केली. मी पळी भरली. तिनं पळीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं आणि हळूच म्हणाली, "मामंजी, आत्याबाई येईपर्यंत थांबूया का?"

"का गं?"

तिनं पुन्हा पळीकडे बघितलं.

"पद्मा, का थांबायचं?"

तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं, पण ओंजळ तिनं मागं घेतली नाही. म्हणाली, "तुम्ही दिलंत तर मी घेईन मामंजी. तेव्हाही घेतच होते."

मी भरलेली पळी ताम्हनात ओतून टाकली. तेव्हाही घेत होते! म्हणजे तिला तेव्हाही हाच वास येत होता. आणि मी ताप चढल्यावर तीन तीन पळ्या घातल्या त्या पोरीच्या तोंडात.

तिला आत जाऊन पड म्हटलं आणि देवापुढं तसाच बसून राहिलो.

अनुसूया दुपारी आली. दारातूनच तिनं देवघर बघितलं आणि समजली. लग्नातलं फूल डोक्यात तसंच होतं. समोर येऊन बसली.

"कधीपासून?" मी विचारलं.

"डॉक्टर येऊन गेले त्याच्या दुसऱ्या दिवसापासून. फाटकापाशी मी त्यांना एवढंच विचारलं, तीर्थ म्हणजे पाणीच ना? ते म्हणाले, बाई, पोटाला तीर्थ आणि पाणी वेगळं कळत नाही."

"म्हणजे इतके दिवस माझ्या शाळिग्रामावर नळाचं पाणी? चामड्यातून आलेलं?" मी ओरडलो. खरं तर मला तिच्यावर ओरडायचं नव्हतं. पण ओरडायला दुसरं कोण होतं?

"चामडं नाही," ती म्हणाली. "पिराजीला कशाला बोलावलं होतं? आधी चामड्याची चकती काढून रबराची बसवली, नळ कितीतरी वेळ तसाच वाहू दिला, मगच पहिली कळशी भरली. रोज ओल्या लुगड्यानं भरली. तुमच्या सोवळ्याला मी धक्का लावीन होय?"

तरी म्हणालो, "पण नेम नदीचा होता."

"नळाला पाणी कुठून येतं?"

"धरणातून."

"कुठल्या? आठवा. सुधी लहान असताना तुम्हीच आम्हाला तिप्पगोंडनहळ्ळीला नेलं होतंत, धरण बघायला. काठावर बसून दह्याचं मोसरन्न खाल्लं, आणि तुम्ही हात करकरून सांगत होतात, ही अर्कावती, नंदीच्या डोंगरातून येते. अर्कावती नदी नव्हे का? आणि कलशपूजेत रोज सात नद्यांना हाका मारता ना? त्या तर नुसत्या नाव घेतल्यानं तांब्यात येतात. मग ही बिचारी नळातून चालत घरापर्यंत आली तर तिचं काय चुकलं?"

"मला का नाही सांगितलंस?"

"सांगून ऐकलं असतंत?" मग तिचा आवाज बदलला. "आणि ऐकलं असतंत तर त्या दिवसांत तुम्ही मोडून पडला असतात. मला त्या पोरीचं पोटही वाचवायचं होतं आणि तुमचा नेमही. दोन्ही जमत होतं, म्हणून केलं."

"आणि मी आणलेलं पाणी?"

"अळवाला घातलं."

१८ मे

आज नदीवर गेलो, कळशी न घेता. इतके दिवस देवळाच्या बाजूनं पायऱ्यांवर उतरत होतो आणि तिथूनच परत फिरत होतो. आज वळणाच्या पलीकडे, नदीच्या वरच्या अंगाला गेलो. हाकेच्या अंतरावर आहे. नव्या वस्त्यांची मोरी तिथं नदीत पडते. धो धो. पाइप नाही, काही नाही, उघडा नाला, काळा. त्याच्या वर नदी आहे कुठं? एक ओलसर ओघळ येतो बसवनगुडीच्या नंदीच्या बाजूनं, एवढीच. उन्हाळ्यात मी जे भरत होतो ते सगळं त्या मोरीचं होतं.

मासे दर्शनाला आले नव्हते, श्वासासाठी वर आले होते. बगळे, मल्लाप्पा, सगळे सोडून गेले. ती जांभळी फुलं घाणीवर वाढतात, तिथल्या एका गुराख्यानं सांगितलं. आणि मी माहात्म्य लिहीत होतो! इतक्या वेळा तिच्यापाशी गेलो, पण मला हवं तेवढं बघून परत आलो. तिला काय झालंय हे एकदा तरी विचारायचं.

पायरीवर बसून रडलो. पद्मासाठी रडलो की नदीसाठी, ते मला सांगता यायचं नाही.

२४ मे

अनुसूयेला वाटतंय मी रागावून अबोला धरलाय. राग नाही. तिच्याकडे बघायला डोळे वर होत नाहीत. पूजेचं पाणी तीच भरते, मी मुकाट्यानं अभिषेक करतो. पद्माला तीर्थ द्यायला माझा हात पुढं होत नाही. अनुसूया देते.

१४ जून

माहात्म्याच्या कागदांत मोकळी ठेवलेली जागा आज भरली. कनकपूरच्या बसमधून येणाऱ्या एका म्हाताऱ्याला विचारलं. वृषभावती पुढं केंगेरीवरून जाते आणि कनकपूरच्या बाजूला अर्कावतीला मिळते. अर्कावती पुढं कावेरीला. म्हणजे मी खांद्यावर आणत होतो ती आणि अंगणात आपणहून येते ती, दोघी पुढं एकाच वाटेला लागतात.

एवढंच लिहिलं. बाकीचे कागद बांधून माळ्यावर टाकले. त्यातलं फारसं काही खरं नाही.

३० जुलै

पहाटे पद्माला कळा सुरू झाल्या, दिवस पुरे भरायच्या जरा आधीच. टांगा आणला. अनुसूया तिच्याबरोबर दवाखान्यात गेली. सुधींद्रला तार केलीय. टांग्यात बसताना पद्मा वळून म्हणाली, "मामंजी, तीर्थ?"

अनुसूया माझ्याकडे बघत राहिली. पूजा झाली नव्हती, पाणी भरलेलं नव्हतं, ते भरणारी तर टांग्यात बसलेली. टांगेवाला म्हणाला, "अण्णा, स्वल्प लवकर."

मी अंघोळ केली, ओलेत्यानं अंगणात आलो आणि नळापुढं उभा राहिलो. देवासाठी मी हा नळ जन्मात उघडला नव्हता. तोटी फिरवली. कळशी भरताना सात नद्यांची नावं घेतली, मग आठवी अर्कावती. आणि मग नववीचंही नाव घेतलं. ती आता कशीही असो, तिला कसं वगळू? शाळिग्रामाला अभिषेक केला. तांब्या घेऊन जवळजवळ पळतच टांग्याशी आलो.

पद्मानं ओंजळ पुढं केली. "हे नळाचं आहे गं," मी म्हणालो. "मीच भरलंय."

"माहीत आहे," ती म्हणाली. तशा कळांतही हसली पोरगी आणि प्यायली. ठसका लागला नाही.

दुपारी निरोप आला. मुलगी. दोघी सुखरूप.

१० ऑगस्ट

बारसं झालं. मी अर्कावती नाव सुचवलं होतं. अनुसूया म्हणाली, "तुमच्या नद्यांचं ओझं पोरीवर नको." माझ्या आईचं नाव ठेवलंय, वसुमती. नाक मात्र माझं आहे, बिचारीचं.

६ सप्टेंबर

आमच्याकडे बाळंतीण बाहेर पडली की पहिल्यांदा विहिरीची पूजा करते. गंगापूजा म्हणतात. विहिरीत चिखल. मला वाटलं अनुसूया शेजाऱ्यांची विहीर बघेल. तिनं सरळ नळापुढं रांगोळी काढली. तोटीला हळद लावली, कुंकू लावलं, गळ्यात फुलांची माळ घातली. पिराजीला मुद्दाम बोलावलं होतं. तो हात जोडून उभा, हसू दाबत. पद्मानं बाळ मांडीवर घेऊन नमस्कार केला आणि पहिली कळशी भरली.

ती कळशी मी उचलली आणि खांद्यावर घेतली.

"कुठं निघालात?" अनुसूयेनं विचारलं.

"नदीवर."

"भरलेली घेऊन?"

मी कळशी खांद्यावर सावरली. ती आत गेली आणि खण, नारळ, हळदकुंकवाची पुडी घेऊन आली. "घरात लेक झालीय. नदीची ओटी भरल्याशिवाय येऊ नका," म्हणाली.

वळणापलीकडे, मोरीच्याही वर, जिथं तो ओघळ अजून वाहतो, तिथं गेलो. ओटी भरली. मग कळशी हळूहळू ओतली. आजवर तिनं आमच्या देवाला न्हाऊ घातलं, आज मी तिला घातलं. त्या ओघळात एवढासा भाग चकाकला आणि मग खाली जाऊन काळ्यात मिसळला. आमच्या घरचा नेम माझ्यापाशी संपला, हे मला तिथं उभं राहून कळलं. फार वाईट वाटलं. तिला तसं सांगितलंही.

परत येताना रस्त्यात एका शाळकरी पोराचा धक्का लागला. तो घाबरून माझ्याकडे बघायला लागला. मी म्हटलं, "जा रे, सावकाश जा."

अनुसूया पायरीवर बाळाला घेऊन बसली होती. रिकामी कळशी माझ्या हातून घेतली आणि विचारलं, "काय म्हणाली?"

"म्हणाली, कनकपूरला भेटू."